ब्रूटलिस्ट इमारत कशी पाहावी

उघड्या काँक्रीटची इमारत पाहायला शिकायचे असेल, तर कोकणातल्या माणसाने आधी आपल्या गावातल्या जांभ्याच्या भिंतीसमोर उभे राहावे, असे माझे ठाम मत आहे. देवगडजवळच्या आमच्या जुन्या घराच्या मागच्या भिंतीला कधीच गिलावा झाला नाही. तिच्यातल्या प्रत्येक चिऱ्यावर घडवणाऱ्याच्या हत्याराचे तिरके घाव आहेत. काही चिऱ्यांवर ते डावीकडे झुकलेले आहेत, तर काहींवर उजवीकडे, आणि पावसाळ्यात त्या खाचांमध्ये हिरवे शेवाळ धरले की ते अधिकच उठून दिसतात. शेजारच्या आवाराची भिंत अलीकडची आहे. तिचे चिरे यंत्राने कापलेले असल्यामुळे त्यांवर पात्याच्या एकसारख्या रेघा आहेत. भिंत कशाची आहे, ती कशाने घडवली आणि साधारण कोणत्या काळात घडवली, हे या दोन्ही ठिकाणी कोणाला न विचारता कळते. ब्रूटलिस्ट, म्हणजे बांधकामाची सामग्री न झाकता उघडी ठेवणाऱ्या शैलीतली, इमारत वाचण्यासाठी लागणारी नजर हीच आहे. ती आपल्याकडे आधीपासून असते, फक्त दगडावरून काँक्रीटवर वळवावी लागते.

आधी नाव समजून घ्यावे

‘ब्रूटलिझम’ हा शब्द ऐकला की इंग्रजीतला क्रूर, रानटी हा अर्थ मनात येतो, आणि समोर अवजड, राखाडी इमारत असली की तो पटतोही. हा समज बाजूला ठेवल्याशिवाय पुढे जाऊ नये. फ्रेंच भाषेत ‘बेतों ब्रूत’ म्हणजे साच्यातून जसे निघाले तसेच ठेवलेले, वरून काहीही न लावलेले कच्चे काँक्रीट. त्या ‘ब्रूत’चा क्रौर्याशी संबंध नाही. न घासलेल्या, न रंगवलेल्या, मूळ स्थितीतल्या वस्तूला तो शब्द लावतात.

या कच्च्या काँक्रीटला प्रतिष्ठा मिळाली ती दुसऱ्या महायुद्धानंतरच्या टंचाईतून. ल कॉर्बुझिए या वास्तुकाराने फ्रान्समधील मार्सेय शहरात १९४७ ते १९५२ या काळात ३३७ घरांची एक प्रचंड इमारत उभारली. तिचा सांगाडा पोलादाचा करण्याचा विचार होता, परंतु युद्धानंतर पोलाद पुरेसे मिळत नव्हते, म्हणून काँक्रीटचा आधार घेतला गेला. साच्यासाठी वापरलेल्या खरबरीत फळ्यांचे सांधे, लाकडाच्या रेषा आणि कामातले खाचखळगे काँक्रीटवर जसेच्या तसे उमटले. ते गिलाव्याखाली लपवण्याऐवजी उघडे ठेवायचे, असे कॉर्बुझिए यांनी ठरवले. हा निर्णय मला फार महत्त्वाचा वाटतो, कारण अडचणीतून आलेली गोष्ट त्यांनी दोष म्हणून झाकली नाही, तर इमारतीचा चेहरा म्हणून स्वीकारली.

शब्द मात्र स्वीडनमध्ये जन्मला, आणि तो काँक्रीटवरून नव्हे, तर विटांच्या एका घरावरून निघाला. बेंग्ट एडमन आणि लेनार्ट होल्म यांनी उप्साला येथे रचलेल्या लहानशा घराच्या विटा आतून-बाहेरून उघड्या होत्या आणि खिडक्यांवरच्या पोलादी तुळया स्पष्ट दिसत होत्या. १९५० च्या सुमारास हान्स आस्प्लुंड या वास्तुकाराने त्या घराच्या आराखड्यांना उद्देशून ‘नव-ब्रूटलिझम’ अशा अर्थाचा स्वीडिश शब्द वापरला. पाहुणे म्हणून आलेल्या इंग्रज वास्तुकारांनी तो लंडनला नेला. तेथे अ‍ॅलिसन आणि पीटर स्मिथसन या तरुण दांपत्याने त्याला आपल्या कामाचे नाव केले. इंग्लंडच्या नॉरफोक परगण्यात हन्स्टंटन येथे त्यांनी बांधलेली शाळा १९५४ साली पूर्ण झाली. ती पोलाद, काच आणि विटा यांची आहे. पाण्याचे नळ आणि विजेच्या नळ्या भिंतींत पुरलेल्या नाहीत आणि पाण्याची टाकी तर एखाद्या मनोऱ्यासारखी इमारतीच्या बाजूला उभी आहे. आपल्याकडे नवे घर बांधताना नळ भिंतीत लपवले नाहीत तर काम अर्धवट राहिले असे मानतात. ती शाळा नेमके उलट सांगत होती.

रेनर बॅनम या समीक्षकाने १९५५ साली एका निबंधात या वास्तुकलेची तीन लक्षणे मांडली. पाहणाऱ्याच्या मनात इमारतीची एक ठसठशीत प्रतिमा राहिली पाहिजे, तिची रचना उघडपणे दिसली पाहिजे, आणि सामग्री ‘जशी सापडली तशी’ वापरून तिचे मोल ओळखले पाहिजे. या तीन लक्षणांत काँक्रीटचा उल्लेखच नाही. म्हणून राखाडी दिसले की ब्रूटलिस्ट म्हणायचे आणि न दिसले की नाही म्हणायचे, ही घाई टाळावी.

पुढच्या वीस-पंचवीस वर्षांत घरकुले, विद्यापीठे, नगरपालिका, नाट्यगृहे अशा सार्वजनिक इमारतींसाठी हा मार्ग जगभर निवडला गेला. इंग्लंडमधील शेफिल्डचे पार्क हिल हे घरकुल १९६१ चे, बोस्टनचे सिटी हॉल १९६८ चे आणि लंडनचे नॅशनल थिएटर १९७६ चे. त्यानंतर हवा फिरली. डागाळलेल्या भिंती, रखडलेली देखभाल आणि लोकांची नाराजी यांमुळे अनेक इमारती पाडल्या गेल्या.

आचऱ्याचा सुपुत्र आणि आपल्या देशातले काँक्रीट

भारतात ही भाषा चंडीगडमार्गे आली असे म्हटले जाते, आणि त्यात तथ्य आहे. कॉर्बुझिए यांनी तेथे उभारलेले उच्च न्यायालय, सचिवालय आणि विधानभवन उघड्या काँक्रीटचे आहे. सचिवालयाची लांबी २५४ मीटर भरते. हा परिसर २०१६ साली युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत आला. परंतु कोकणातल्या वाचकाने त्याबरोबरच आणखी एक नाव लक्षात ठेवावे, ते म्हणजे वास्तुकार अच्युत कानविंदे. त्यांचा जन्म १९१६ साली मालवण तालुक्यातील आचऱ्याचा. मुंबईच्या सर जे. जे. कला महाविद्यालयात वास्तुकला शिकून ते पुढे हार्वर्डला वॉल्टर ग्रोपियस या नामवंत वास्तुकाराकडे शिकले. परतल्यावर त्यांनी देशातल्या नव्या संस्थांना रूप दिले. कानपूरच्या आय.आय.टी.चे आवार हे त्यांचे विशेष गाजलेले काम. काँक्रीटचा सांगाडा उघडा, त्याच्यामध्ये भरलेल्या विटाही उघड्या, आणि एका विभागातून दुसऱ्याकडे सावलीतून चालत जाता येईल असे छत असलेले मार्ग. मेहसाण्याच्या दुग्धशाळेत त्यांनी हवा खेळवणारे उंच झरोके छतावर असे उभे केले, की कारखान्याची गरज हेच त्याचे रूप झाले. १९७४ साली त्यांना पद्मश्री मिळाली आणि २००२ साली ते निवर्तले. आचऱ्याच्या वाटेने रामेश्वराच्या दर्शनाला जाणाऱ्या कितीजणांना हे ठाऊक असेल, हा प्रश्न मला तिथून जाताना दर वेळी पडतो.

टंचाईने आकार घडवण्याची मार्सेयची गोष्ट दिल्लीतही घडली. १९७२ च्या व्यापार मेळ्यासाठी प्रगती मैदानावर वास्तुकार राज रेवाल आणि रचना अभियंते महेंद्र राज यांनी ‘हॉल ऑफ नेशन्स’ हे प्रदर्शनगृह उभे केले. त्रिकोणी जाळीचा असा विशाल सांगाडा एरवी पोलादाचा करतात. ते परवडणारे नव्हते, म्हणून संपूर्ण जाळी जागेवरच काँक्रीटमध्ये ओतली गेली. एप्रिल २०१७ मध्ये ती वास्तू पाडण्यात आली. लंडनमधील स्मिथसन दांपत्याचे रॉबिन हूड गार्डन्स हे घरकुलही १९७२ चेच, आणि त्याचे पाडकामही २०१७ सालीच सुरू झाले.

पाहण्याची पद्धत: आधी लांबून

इमारतीच्या दाराशी लगेच जाऊ नये. रस्त्याच्या पलीकडून, शक्यतो कोपऱ्यातून, ती पूर्ण नजरेत येईल अशा जागी उभे राहून वहीत तिचे मुख्य भाग चौकोनांनी काढावेत. जिना कुठे आहे, पाण्याची टाकी कुठे, सभागृह कुठे, याचा अंदाज फक्त बाहेरच्या आकारावरून करावा. चांगली ब्रूटलिस्ट इमारत या परीक्षेत साथ देते. जिन्याचा उभा मनोरा वेगळा दिसतो, सभागृहाची उतरती बैठक बाहेरून तिरक्या भिंतीच्या रूपाने कळते आणि एकसारख्या खोल्या एकसारख्या खिडक्यांच्या रांगेने ओळखू येतात. अंदाज लिहून झाल्यावरच आत जावे आणि तो पडताळून पाहावा. चुकलेले अंदाजही खोडू नयेत, कारण वास्तुकाराने कुठे काही लपवले आहे का, हे त्यांवरूनच कळते.

त्यानंतर वजन कुठून कुठे जाते हे शोधावे. छताचा भार तुळईवर, तुळईचा खांबावर आणि खांबाचा जमिनीत, ही वाट बोटाने हवेत रेखाटता आली पाहिजे. माजघरात बसून आढे, वासे आणि खांब यांकडे पाहत लहानाचे मोठे झालेल्या माणसाला हे जड जाऊ नये. कौलारू घरात लाकडाचा प्रत्येक तुकडा आपले काम उघडपणे करत असतो.

मग अगदी जवळून

जवळून पाहण्यासाठी वेळ नीट निवडावी. भर दुपारी काँक्रीट सपाट दिसते. पश्चिमेकडची भिंत उन्हे कलल्यावर आणि पूर्वेकडची सकाळी पाहावी, कारण तिरप्या उजेडात अर्ध्या मिलिमीटरचा उंचवटाही सावली टाकतो.

पहिली गोष्ट शोधायची ती फळ्यांची खूण. साचा लाकडी असेल तर फळीची रुंदी, तिची दिशा आणि लाकडाच्या रेषा भिंतीवर उमटलेल्या असतात, आणि एखादी गाठ असेल तर तीही वर्तुळासकट दिसते. ज्या झाडाची ती फळी होती ते केव्हाच गेले, साचाही मोडला, पण गाठ भिंतीवर राहिली. हात लावून पाहण्याची परवानगी असेल तर जरूर पाहावे. पत्र्याचा किंवा प्लायवूडचा साचा असेल तर पृष्ठभाग गुळगुळीत आणि सांधे दूर दूर असतात. आडवी, थोडी वाकडी, रंगाने किंचित वेगळी रेघ दिसली तर तिथे एका दिवसाचे काम थांबून दुसऱ्या दिवशी पुढे सुरू झाले असे समजावे. समान अंतरावरची गोल भोके म्हणजे साच्याच्या दोन बाजू एकत्र आवळून धरणाऱ्या बोल्टांच्या जागा. काळजीपूर्वक बांधलेल्या इमारतीत ही भोके ओळीत असतात, कारण ती कायम दिसणार हे आधीच ठरलेले असते. भिंतीच्या तळाशी किंवा कोपऱ्यात खडी उघडी पडून मधमाशांच्या पोळ्यासारखी भोके दिसली, तर तेथे काँक्रीट नीट ठोकले गेले नाही. हा मात्र दोषच होय, आणि ‘कच्चे’ या नावाखाली त्याला माफी देऊ नये.

काही ठिकाणी काँक्रीट ओतल्यावर ते मुद्दाम फोडलेले असते. अमेरिकी वास्तुकार पॉल रुडॉल्फ यांच्या येल विद्यापीठातील १९६३ च्या इमारतीत भिंतींवर उभे कंगोरे ठेवून त्यांच्या कडा हातोड्याने तोडल्या आहेत, त्यामुळे आतली खडी दिसते. घडीव चिऱ्याची सवय असलेल्या डोळ्याला ते पृष्ठभाग लगेच ओळखीचे वाटतील.

हे सर्व शिकण्यासाठी दिल्ली-चंडीगड गाठण्याची गरज नाही. गावाबाहेरची पाण्याची उंच टाकी, खाडीवरचा पूल, बंदराचा धक्का ही अभ्यासासाठी उत्तम ठिकाणे आहेत. ती ब्रूटलिस्ट वास्तुकलेत मोडत नाहीत, कारण तेथे गिलावा नसण्यामागे वास्तुविचार नसून केवळ सोय असते. परंतु साचा, सांधा आणि ओल यांची भाषा तीच असते. टाकीच्या खांबांवर फळ्यांच्या खुणा मोजायला शिकलेला माणूस मोठ्या इमारतीसमोर गोंधळत नाही. पणजीला जाणे झाले तर मांडवीच्या काठावरची वास्तुकार चार्ल्स कोरिया यांची कला अकादमी अवश्य पाहावी. रस्त्यावरून नदीकडे मोकळेपणी जाऊ देणारी तिची रचना आणि वरच्या काँक्रीट पट्ट्यांच्या मांडवाची सावली यांसाठी एक सकाळ राखून ठेवावी.

पाऊस आणि खारा वारा

युरोपातल्या पुस्तकी वर्णनांत जे दुय्यम ठरते, ते आपल्या किनाऱ्यावर पहिले ठरते. रत्नागिरी आणि सिंधुदुर्गात वर्षाला साधारण ३००० मिलिमीटर किंवा त्याहून अधिक पाऊस पडतो, आणि तो बहुतेक चार महिन्यांतच. म्हणून इमारत पाहताना पाण्याची वाट स्वतंत्रपणे शोधावी. छतावरचे पाणी पन्हाळीतून दूर फेकले जाते की भिंतीवरूनच ओघळते? छज्जाच्या खालच्या अंगाला कडेलगत एक बारीक खाच आहे का? ही खाच असेल तर थेंब तिथेच तुटून खाली पडतो, आणि नसेल तर पाणी छज्जाच्या पोटावरून आत सरकत भिंतीपर्यंत पोहोचते. खिडकीच्या खालच्या दोन्ही कोपऱ्यांतून मिशांसारखे काळे ओघळ उतरले असतील, तर आराखडा काढताना पावसाचा विचार कमी पडला, असे निःसंकोच लिहावे. चंडीगडच्या उच्च न्यायालयाला वर एक स्वतंत्र छत्रीसारखे छत आहे आणि दोन छतांच्या मधून वारा वाहतो. ऊन-पावसाचा विचार आधी करून मग आकार काढला की काँक्रीट किती वेगळे वागते, याचा तो नमुना आहे.

मीठ हा त्याहून घातक शत्रू. काँक्रीटच्या आतली सळई ताज्या काँक्रीटच्या क्षारधर्मी गुणामुळे गंजापासून सुरक्षित असते. समुद्रावरून येणाऱ्या वाऱ्यातले क्लोराइड हळूहळू आत झिरपून सळईपर्यंत पोहोचले की ते संरक्षण संपते. गंजाला मूळ लोखंडापेक्षा कितीतरी अधिक जागा लागते, त्यामुळे तो आतून रेटा देतो आणि सळईच्या रेषेतच भेग पडून ढलपे निघतात. गिलाव्याच्या इमारतीतही हेच होते, पण ते उशिरा दिसते. उघड्या काँक्रीटमध्ये पहिली तांबूस रेघ दिसताच सावध होता येते. सळईवर किती जाडीचे काँक्रीट आहे, म्हणजे मिस्त्री ज्याला कव्हर म्हणतात, त्यावर सारे अवलंबून आहे. आय.एस. ४५६ या भारतीय मानकाच्या २००० सालच्या आवृत्तीत सौम्य हवामानासाठी किमान २० मिलिमीटर कव्हर सांगितले आहे, तर किनारी हवेला उघड्या राहणाऱ्या काँक्रीटसाठी ४५ मिलिमीटर कव्हर आणि किमान एम-३० प्रतीचे काँक्रीट. काँक्रीट कालवण्यासाठी किंवा नंतर पाणी मारण्यासाठी समुद्राचे पाणी वापरू नये, असेही त्यात आहे.

शंका असलेल्या जागी, परवानगी घेऊन आणि जमिनीवर उभे राहूनच, लहान हातोडीने हलके ठोकून पाहावे. भरीव जागी टणक आवाज येतो आणि ढलपा सुटलेल्या जागी पोकळ. कलिंगड वाजवून घेणाऱ्या हाताला हा फरक शिकवावा लागत नाही.

एक तुकडा स्वतः ओतून पाहावा

मी जे काही समजलो, त्यातले बरेचसे एक फूट लांब-रुंद आणि दोन इंच जाड तुकडा अंगणात ओतताना समजलो. त्यासाठी रंधा न मारलेल्या तीन-चार फळ्या घ्याव्यात, तारेच्या ब्रशाने त्या रेषांच्या दिशेने घासाव्यात, म्हणजे मऊ भाग निघून रेषा वर येतात. फळ्या नव्या असतील तर आधी त्यांवर सिमेंटचे पातळ पाणी फासून, वाळवून, झाडून टाकावे. ताज्या लाकडातली साखर सिमेंटला घट्ट होऊ देत नाही आणि पृष्ठभाग पिठूळ राहतो. फळ्या शेजारी शेजारी घट्ट बसवून त्यांचा तळ करावा, चारी बाजूंनी पट्ट्या ठोकाव्यात, पाण्याने भिजवाव्यात आणि तेलाचा अगदी पातळ हात फिरवावा. एक भाग सिमेंट, दीड भाग धुतलेली वाळू, तीन भाग बारीक खडी आणि सिमेंटच्या वजनाच्या साधारण निम्मे पाणी घेऊन कालवावे. थर ओतल्यावर सळईने कोपऱ्यांपर्यंत ठोसत जावे आणि साच्याच्या बाजूंवर बाहेरून हातोडीने टिचक्या माराव्यात, म्हणजे अडकलेली हवा निघून जाते. वरून ओले गोणपाट घालून सात दिवस ते सुकू देऊ नये. बाजूच्या पट्ट्या दुसऱ्या दिवशी काढता येतात, तळ मात्र तीन दिवस हलवू नये.

माझा पहिला तुकडा बिघडला. दोन फळ्यांमधली फट मी मातीने बुजवली होती. तिच्यातून सिमेंटचे दूध गळून गेले आणि तुकडा उलटला तेव्हा त्या जागी नुसत्या वाळूची खरबरीत रेघ निघाली, नखाने खरवडली तरी झडणारी. त्यानंतर कोणत्याही इमारतीवर फळ्यांचे स्वच्छ, धारदार सांधे दिसले की ती साधी गोष्ट वाटत नाही. त्यामागे सुताराने तासन् तास केलेले काम असते. गिलावा करायचा असता तर ते एवढे नेटके करण्याची गरजच नव्हती. उघडे काँक्रीट म्हणजे स्वस्तातले, अर्धवट सोडलेले काम, हा समज हा तुकडा ओतणाऱ्याच्या मनात उरत नाही.

अशा इमारतीवर ऑइलपेंट फासताना मी पाहिला आहे. एका तालुक्याच्या गावी फळ्यांच्या सुंदर खुणा असलेली एक भिंत दोन दिवसांत पिवळी झाली, आणि पुढच्या पावसाळ्यात त्या रंगाला फोड आले. मला त्याचे आजही वाईट वाटते. आपल्या परिसरात असे काही ठरत असेल, तर संबंधितांना आधी भेटावे. काळे डाग साध्या पाण्याने आणि मऊ ब्रशाने कितपत निघतात हे एका कोपऱ्यात करून दाखवावे, छज्जाच्या कडा आणि पन्हाळी दुरुस्त करण्याचा आग्रह धरावा, आणि सळई उघडी पडली असेल तर वरवर गिलावा न मारता गंज साफ करून जाणकाराकडून दुरुस्ती करून घ्यावी.

नोंदीसाठी एकच भेट पुरत नाही. पहिली भेट एप्रिल-मे महिन्यात ठेवावी, तेव्हा काँक्रीट कोरडे, फिकट आणि रेषा स्पष्ट असतात. दुसरी भेट जुलैत, मुसळधार पाऊस चालू असताना, छत्री घेऊन त्याच जागी उभे राहून द्यावी. ओले काँक्रीट गडद होते, पहिल्या भेटीत न दिसलेले सांधे दिसू लागतात आणि पाणी प्रत्यक्ष कुठून वाहते ते समोर दिसते. उन्हाळ्यात काढलेल्या चित्रावरच निळ्या पेन्सिलीने त्या पाण्याच्या वाटा काढाव्यात.